शेवटपर्यंत जगणारी आई

मी दर सिनेमात नायकाची आई होते, म्हणजे मध्यंतराच्या आत मरते. कौटुंबिक सिनेमात छातीला हात लावून, मारधाडीच्या सिनेमात गोळी लागून, आणि भुताच्या सिनेमात तर मेल्यावरच माझं काम सुरू होतं. त्यानंतर भिंतीवर माझा हार घातलेला फोटो. कधीकधी माझ्यापेक्षा त्या फोटोलाच पडद्यावर जास्त वेळ मिळतो.

माझी खरी आई केडगावला एकटी राहते. माझा प्रत्येक सिनेमा बघते आणि पडद्यावर मी मेले की मला फोन लावते.

"बरी हायेस न्हवं?"

"आई, अगं खोटं असतं ते सगळं."

"व्हय, ठावं हाय. आवाज ऐकला, बास."

पण जित्याजागत्या लेकीच्या फोटोला हार बघणं तिच्या जिवावर यायचं. "एकदा तरी शेवटपतुर जग की गं," एवढंच तिचं मागणं. आणि तेवढंही मला जमेना.

गेल्या वर्षी विनोदी सिनेमा मिळाला. त्यात कोण कशाला मरतंय? शेवटी नायकाच्या लग्नात मी नाचतेसुद्धा. आईला मोठ्या तोऱ्यात सांगितलं आणि गाडीत घालून दौंडच्या थिएटरात नेलं. ती ठेवणीतलं लुगडं नेसून आली होती.

पडद्यावर नायकाचं घर आलं आणि भिंतीवर मी. हारासकट. माझे सगळे प्रसंग कापून, नायकाकडून माझ्या फोटोला हात जोडून घेतले होते. बाहेर येऊन दिग्दर्शकाला फोन केला, तर म्हणतो, "ताई, लांबी फार वाढत होती हो. पण फोटो काय सुंदर आलाय तुमचा." अशा माणसाला बोलून काय उपयोग? बडवून घ्यायचं ते कपाळही आपलंच.

आत आले तर आई पडद्याकडं बघत बसलेली.

"ह्या फोटूत हसतीयास तरी," ती म्हणाली. मग पदर सारखा करत, "माझा बी असाच एक काढून ठिव. तुझी मावशी गेली तवा आधारकार्डावरचा लावला. वळखू बी ईना."

"आता तू पण सुरू होऊ नकोस," मी खेकसले. रडू येत होतं आणि त्याचाही राग येत होता.

तरी परतताना तिनं केडगावात फोटो स्टुडिओसमोर गाडी थांबवायला लावलीच. लुगडं नेसलेलंच आहे तर आजच काढू, म्हणाली. स्टुलावर ताठ बसली, तोंड घट्ट मिटून.

"आजी, जरा हसा की," फोटोवाला म्हणाला.

आईनं माझ्याकडं बोट केलं. "हिला एकदा पिच्चरमदी शेवटपतुर जगू द्या. मंग हसते."

फोटोवाला माझ्याकडं बघायला लागला. मी आईचा हात धरून तिला स्टुलावरून उठवलं.

"आज राहू द्या," मी त्याला म्हटलं. "आम्ही परत येऊ."