माश्यांवाली वहिनी

गल्ली तिला 'माश्यांवाली' म्हणायची, मी वहिनी म्हणायचे. बियाण्याच्या शेतावर मी सहा वर्षं तिच्या हाताखाली काम केलं. तिच्या डाव्या कानाची वरची कड नव्हती. पहिल्याच दिवशी माझी नजर तिथे अडकली, तशी ती म्हणाली, "नवऱ्याने चावून तोडली. घरात खायला नव्हतं असं नाही हं, मटणाचं दुकान होतं आमचं."

नवरा खाटीक. हात उगारायला त्याला कारण लागत नसे. कान तोडला त्या दिवशी ती एकटी दवाखान्यात गेली, टाके घालून परत आली आणि त्याचाच सत्तूर उचलून मटण तोडायच्या ओंडक्यात, त्यावर टेकलेल्या त्याच्या अंगठ्याला खेटून असा हाणला, की तो उपटायला त्याला दोन्ही हात लावावे लागले.

"पुढच्या वेळी एक बोट अलीकडे," ती म्हणाली.

महिन्याभरात नवरा पसार झाला. दुकान आणि मागची पत्र्याची शेड तिच्याकडे राहिली. शेजारच्या खोलीत धाकटा दीर आणि जाऊ राहत. दिराचा दुकानावर डोळा होता, पण सत्तुराची गोष्ट त्यालाही ठाऊक होती.

बियाणेवाल्या बाई तिच्याकडे आल्या त्या आतडी न्यायला. त्यांच्या शेतात कांदा जाळीच्या बंद घरांत फुलायचा, एका वाणाचे पराग दुसऱ्याला लागू नयेत म्हणून. आत मधमाश्या सोडल्या की त्या बाहेर पडायला जाळीवर धडका देऊन मरत. त्या हिरव्या-निळ्या, घाणीवर बसणाऱ्या माश्या मात्र निवांत फुलांच्या गोंड्यागोंड्यावर फिरत आणि अंगाला लागलेले पराग इकडचे तिकडे करत. बाईंना त्या माश्या पाळायच्या होत्या.

"पाळायच्या?" वहिनी हसली. "मी जन्मभर हाकलतेय त्यांना."

पण तिने ते काम असं उचललं, की बाईंचे शिकलेले लोक तिला विचारायला येऊ लागले. ट्रेमध्ये आतडी, त्यात अळ्या. अळ्या पोसल्या की भुशात उतरून कोष करत. ते कोष डब्यात भरून ती जाळीघरांत ठेवायची. कोणत्या डब्यातले कोष फुटून माश्या कोणत्या दिवशी निघणार, हे ती कोषाच्या रंगावरून सांगायची. पूर्ण वाढलेली एकही माशी शेडबाहेर जाणार नाही, म्हणून तिने दाराला दुहेरी जाळी लावली होती. वास मात्र जाळीत अडकत नाही. गल्लीने नाक मुरडायला सुरुवात केली.

त्या वर्षी गल्लीत जुलाब-उलट्यांची साथ आली. इस्त्रीवाल्याची चार वर्षांची मुलगी दोन दिवसांत गेली. तिसऱ्या दिवशी भर दुपारी बारा-पंधरा जण शेडपाशी आले. पुढे दीर.

"हिच्या माश्यांनीच पोर खाल्ली!" तो ओरडला.

वहिनी आत ट्रे बदलत होती. "भावजी, दार उघडून बघा, एक तरी माशी बाहेर जाते का ते."

त्याने दाराला बाहेरून कडी घातली. मग रॉकेल. भुसा पेटायला वेळ लागत नाही. धुरात माश्या अंगावर, तोंडात, डोळ्यांत गेल्या, असं ती सांगायची. तिने सत्तुराने मागचा पत्रा फोडला आणि जळत्या पदरानिशी बाहेर पडली. समोर इस्त्रीवाला लोखंडी रॉड घेऊन उभा होता. पहिला घाव गुडघ्यावर बसला. हाड मोडल्याचा आवाज पलीकडच्या दुकानापर्यंत गेला म्हणतात. ती पडली तसं दिराने तिचे केस मुठीत धरले आणि तिला परत आगीकडे ओढू लागला.

"सोडा भावजी."

त्याने सोडलं नाही. तिने मागे न बघता सत्तूर फिरवला. मनगट हाडापर्यंत उघडलं. लोक पांगले. दीर रस्त्यात बसून स्वतःच्या हाताकडे बघत किंचाळत होता, आणि तिच्या साडीची आग विझवली ती जावेने, बादलीभर पाणी ओतून.

वहिनीला दवाखान्यातून थेट कोठडीत नेलं. महिन्याने गल्ली खणली, तेव्हा पिण्याच्या पाण्याची नळी गटाराशेजारी फुटलेली सापडली. इकडे शेतावर कांदा फुलला होता. बाईंनी निरुपायाने मधमाश्यांच्या पेट्या आणल्या. जाळीच्या कडेने मेलेल्या मधमाश्यांचे ढीग आम्ही केरसुणीने भरले. मग कुंचल्यांनी गोंड्यागोंड्याला पराग लावत बसलो, माझ्यासारख्या चाळीस बाया. बी आलं ते मूठभर.

अकरा महिन्यांनी वहिनीवरचा खटला उभा राहिला. दिराने सांगितलं, तिने विनाकारण वार केला. मग इस्त्रीवाला पिंजऱ्यात आला. त्याला फक्त हो-नाही सांगायचं होतं. त्याने दिराकडे बोट दाखवून सगळंच सांगितलं.

"कडी यानेच घातली. रॉड मी मारला. माझी पोर पाण्याने गेली आणि मी या बाईचा पाय मोडला."

त्यावरून वेगळा खटला होऊन त्याला शिक्षा झाली, दिरालाही. वहिनी सुटली. पाय कायमचा वाकडा राहिला.

बाईंनी शेताच्या टोकाला नवी शेड दिली आणि तिने पुन्हा ट्रे मांडले. दीर सुटून आल्यावर एका सकाळी जाऊ दारात येऊन उभी राहिली.

"ताई, त्यांच्या हातून आता काही काम होत नाही. मला घ्याल?"

"तुला घेईन. त्याला या फाटकाच्या आत पाऊल टाकू द्यायचं नाही."

"कधीच नाही?"

"केस धरले होते त्याने माझे." वहिनीने तिच्या हातात हातमोजे दिले. "नाकाने नको, तोंडाने श्वास घे. चार दिवस जड जाईल."

दोन वर्षांनी दीर वारला. वहिनी मयताला गेली नाही. जावेला आठ दिवस सुट्टी दिली आणि तिच्या वाटचे ट्रे, पाय ओढत, स्वतः धुतले. मी मदतीला गेले तर म्हणाली, "तू तुझं काम बघ." आवाज नेहमीसारखाच होता.