आत्याचा डाग

आत्याच्या गळ्यावर कोडाचा डाग आहे. हनुवटीखालून डाव्या कानाकडे गेलेला, आंब्याच्या पानाएवढा. तिच्या गावी, आष्ट्यात, घरच्यांखेरीज कुणाला तो माहीत नव्हता. एरवी ती पदर गळ्याभोवती घट्ट लपेटून घेते. लग्नकार्यात मात्र माझ्यासमोर बसते, डोळे मिटते आणि न सांगता मान वर करते. मी मेकअप शिकले तेव्हापासून डाग झाकायचं काम माझं. शेड जुळवायला मी दर वेळी त्याचा फोटो काढते.

साताऱ्याजवळ एका छोट्या फिल्मचं शूटिंग होतं. मी मेकअपला होते. कोड असलेल्या सुनेचं काम करणारी मुलगी ऐन वेळी आजारी पडली आणि दिग्दर्शक म्हणाला, "तूच कर. मेकअपही तुझाच." तोवर मला गर्दीतलीच कामं मिळाली होती, एकही वाक्य नाही. चार माणसांत मला बोलता येत नाही, पण चेहऱ्यावर दुसऱ्या कुणाचा चेहरा असला की येतं.

आरशासमोर बसून मी फोनमधले आत्याचे फोटो उघडले. दुसरा कुठलाही डाग रंगवता आला असता. पण हा मला पाठ होता. बोलणंही तिचंच घेतलं. सांगलीच्या विश्रामबागेत राहून इंग्लिश मीडियममध्ये शिकलेल्या मला गावाकडचं दुसरं कुणाचं बोलणं इतक्या जवळून माहीतच नव्हतं. शिवाय हसताना पदराचं टोक दातांत धरून मान उजवीकडे वळवायची तिची सवय. शॉट संपल्यावर टाळ्या पडल्या. मला फार बरं वाटलं. आता त्या बरं वाटण्याचीच लाज वाटते.

फिल्म यूट्यूबवर आली. आत्येबहिणीने कौतुकाने ती शेजारणींना फोनवर दाखवली. पुढचं मला तिनेच सांगितलं. एक शेजारीण आत्याला म्हणाली, "आवं, पोरगी हसतीया तुमच्यावानीच की! डागबी तुमचाच व्हय?" सगळ्या हसल्या. आत्याही हसली, सवयीने पदर दातांत धरून. त्यासरशी तो गळ्यावरून सुटला.

मी तिला फोन केला नाही. मेसेज लिहिले आणि पुसले.

मागच्या महिन्यात सांगलीत चुलतभावाचं लग्न होतं. ती माझ्याकडे येईल असं वाटलं नव्हतं. आली. दाराला कडी लावून बसली आणि पदर बाजूला केला.

"आत्या, मी खरंच..."

"ऱ्हाऊ दे. झाक बिगीबिगी, वऱ्हाड आलंय."

मी डब्या उघडल्या. ती आरशातून बघत होती.

"आज फोटू न्हाई काढायचा?"

"नको. लक्षात आहे."

"व्हय," ती म्हणाली. "लय ध्यानात हाय तुझ्या."

मी स्पंज ओला केला. ती तशीच बसून होती, डोळे उघडे ठेवून. शेवटी मला सांगावं लागलं, "आत्या, मान जरा वर कर ना."