शेजारणीचं शिलाई मशीन
शिलाई मशीनच्या तेलाचा वास आला की मला काशीमीऱ्याच्या आमच्या चाळीतली ती जप्ती आठवते. शेजारणीच्या नवऱ्याचं गॅरेज बुडालं, कर्ज थकलं, कोर्टाचा हुकूम झाला आणि घरातलं सामान लिलावाला न्यायला बेलिफ आला. टीव्ही, फ्रीज, कपाट त्याने यादीत लिहिलं आणि मशीनपाशी थांबून विचारलं, "यावर कमाई होते का? होत असेल तर हे नेता येत नाही." नवरा ताठ्यात म्हणाला, "आमच्या घरातल्या बायका लोकांचे कपडे शिवत नाहीत. हौसेचं आहे ते." खरं तर वर्षभर घरातली भाजीसुद्धा शेजारणीच्या शिलाईवर येत होती. दारात सगळी चाळ जमली होती, तिथूनच मी म्हटलं, "साहेब, माझे तीन ब्लाउज अडकलेत हिच्याकडे, पैसेही दिलेत. ते कोण देणार?" नवरा ओरडला, "मावशी, तुम्ही मध्ये पडू नका!" तेव्हा शेजारीण हळूच बोलली, "चाळीस रुपये घेते मी एका ब्लाउजचे." बेलिफाने मशीन सोडलं. नवरा पुढे कधी माझ्याशी बोलला नाही. आता वाटतं, बेलिफाला बाजूला घेऊन सांगता आलं असतं. पण सगळ्या चाळीसमोर त्या माणसाची मान खाली गेलेली बघून मला तेव्हा बरं वाटलं होतं.