मानसिंगरावांची दहावी खेप

बारामती-इंदापूर रस्त्यावर मानसिंगरावांना लोक ओळखायचे ते एका गोष्टीसाठी. थांब्यावर उभं असलेलं माणूस त्यांनी कधी मागं ठेवलं नाही. अकरा वर्षं मी त्यांच्या गाडीवर कंडक्टर होतो, म्हणून हे खात्रीनं सांगू शकतो. बाकी फारसं काही खात्रीनं सांगायची माझी सवय नाही.

एकदा लासुर्ण्याच्या पुढं एक म्हातारी उसाच्या बांधावरून हात वर करून येत होती. अजून दोन शेतं लांब होती. मानसिंगरावांनी गाडी बाजूला घेतली आणि इंजिन बंद केलं.

मागून एकजण ओरडला, "ड्रायव्हरसाहेब, सासू हाय का तुमची?"

"सासू असती तर गिअर टाकला असता," मानसिंगराव म्हणाले. गाडी हसली. म्हातारी दम खात चढली आणि काटेवाडीपर्यंत त्यांना आशीर्वाद देत राहिली.

आमच्या दोघांत बोलणं कमी. मी मुळातच कमी बोलणारा, त्यात ते पुढं आणि मी मागं. बोलायची ती घंटी. दोन घंट्या म्हणजे निघा, एक म्हणजे थांबा. मी एक घंटी दिली की मानसिंगरावांनी 'का?' म्हणून कधी विचारलं नाही. आधी गाडी थांबायची, मग मान वळायची. कामाची वाटणीही ठरलेली होती. उतरणारं माणूस कंडक्टरनं बघायचं, चढणारं ड्रायव्हरनं. त्यांच्या वाटणीत मी कधी तोंड घातलं नाही. घालायची वेळच आली नाही.

निवृत्त झाल्यावर दोघंही शेळगावात घरी बसलो. म्हणजे मी बसलो. मानसिंगरावांनी छोटा टेम्पो घेतला. घरची डाळिंबं आणि शेजाऱ्यांची भाजी पहाटे इंदापूरच्या बाजाराला न्यायची आणि येताना दवाखान्यातून परतणारी, बँकेत पेन्शनसाठी गेलेली, अशी माणसं टेम्पोत घेऊन यायचं. कुणाकडून भाडं घेत नसत. त्यांच्या मंडळी, कुशाबाई, म्हणायच्या, "ह्यास्नी एसटीनं सोडलं, पर ह्यांनी एसटी सोडली न्हाय."

गेल्या दिवाळीनंतर मानसिंगरावांना अर्धांगाचा हलका झटका आला. आठ दिवसांत हात उचलायला लागले, महिन्यात चालायला लागले. डॉक्टरांनी डोळे तपासून घ्या म्हणून सांगितलं होतं, ते राहिलं. "मला सगळं दिसतंय की," ते म्हणायचे. ते खोटं बोलत नव्हते, हे मला फार उशिरा कळलं.

पुन्हा टेम्पो सुरू झाला. आधी घराच्या फाटकाचा डावा खांब घासला. मग डेअरीपुढं गेणूनं मांडून ठेवलेल्या दुधाच्या किटल्या उडाल्या. गेणू तेव्हा आत माप घालत होता म्हणून बरं. मानसिंगराव त्यालाच बोलले, "गाडी येताना बघून किटल्या ठेवतोस व्हय रं?" त्याच दिवशी मुलानं, दीपकनं, टेम्पोची किल्ली काढून घेतली.

घरात आठ दिवस अबोला. दीपक बारामती एमआयडीसीत कामाला आहे. तो सकाळी मोटारसायकलवर जायचा आणि संध्याकाळी आला की बापाची नजर चुकवायचा. मार्ग काढला सुनेनं, सुप्रियानं.

त्यांच्या घरी टीव्हीला जोडायचं खेळांचं यंत्र आहे. दीपकनं हौसेनं घेतलेलं. त्याची महिन्याची वर्गणी भरली की खेळांची एक मोठी यादी उघडते. त्यातले खेळ वेगळे पैसे न देता खेळता येतात. यादी मात्र बदलत राहते. नवे खेळ येतात, जुने जातात. त्या महिन्यात यादीत एक बस चालवायचा खेळ होता. खरोखरीसारखी बस, आरसे, वायपर, सिग्नल, थांब्यावर उभी असलेली माणसं. परदेशातलं कुठलं तरी शहर, पण वाहतूक आपल्यासारखी डाव्या बाजूनं.

सुप्रिया सासऱ्यांना म्हणाली, "आबा, ह्याच्यावर दहा खेपा करून दाखवा. कुठं धडकायचं नाही. एकदाही धडकली नाही, तर मी स्वतः किल्ली तुमच्या हातात देईन. पण पंधरा तारखेपर्यंत. सोळाला खेळ यादीतून जाणार आहे."

"पस्तीस वर्सं गाडी चालीवली, आन आता खेळण्यावर परीक्षा?"

"मग नापास व्हायची भीती वाटतीय का?"

सून हुशार आहे. मानसिंगराव कबूल झाले. दीपकनं कंपनीतल्या मित्राकडून स्टिअरिंग आणि पायाजवळचे ब्रेक-क्लच मागून आणले, टीव्हीपुढं खुर्ची मांडली.

मानसिंगराव खुर्चीत बसले, आरसे बघितले, गिअरला हात लावला. आणि तसेच बसून राहिले.

"आबा, निघा की," दीपक म्हणाला.

"घंटी कुठं झाली?"

"खेळात घंटी नसते आबा."

"मग मास्तरला बोलव."

एसटीत कंडक्टरला मास्तर म्हणतात, म्हणून मला बोलावणं आलं. मी गेलो तर कुशाबाईंनी पितळी तांब्या आणि चमचा हातात दिला. "घ्या तात्या. देवाची घंटी मागत व्हते, म्या दिली न्हाय." मी मानसिंगरावांच्या मागं खाटेवर बसलो आणि तांब्यावर दोनदा चमचा वाजवला. बस निघाली. इतक्या वर्षांनी ते खांदे पाठीमागून बघितले आणि मला उगाच तिकिटांची पेटी चाचपावीशी वाटली.

मग रोज दुपारी एक खेप. पहिली सुरळीत गेली. दुसऱ्या खेपेला मानसिंगरावांनी सिग्नलला थांबून खिशातली तंबाखू काढली, तेव्हा कुशाबाई म्हणाल्या, "आता आली बगा खरी एसटी." शेजारपाजारचे बघायला यायला लागले. कुणी म्हणायचं, "एक इंदापूर फुल." कुणी म्हणायचं, "मास्तर, सुट्टे न्हाईत." मीसुद्धा हसत होतो. सुप्रिया भिंतीवरच्या कॅलेंडरवर खेपेची फुली मारायची. किल्ली टीव्हीवर ठेवलेली असायची, सगळ्यांना दिसेल अशी.

चौथ्या खेपेला माझ्या लक्षात आलं. रस्त्याच्या कडेला एका थांब्यावर छत्री घेतलेली एक बाई उभी होती. बस तिच्यापुढून निघून गेली.

मला वाटलं, खेळ नवीन आहे, थांबा कळला नसेल. पुढं सिग्नल लागल्यावर मी विचारलं, "मानसिंगराव, मागं कोण उभं होतं का?"

"कुठं? कोण न्हवतं."

त्या आवाजात जराही गडबड नव्हती. पाचव्या खेपेला मी रस्ता सोडून फक्त थांबे बघितले. समोर मोठं स्टँड आलं की बस बरोबर लागायची. पण डावीकडच्या छोट्या थांब्यांवर माणसं उभी असायची आणि बस सरळ पुढं जायची. दोन माणसं राहिली. सहाव्या खेपेला तीन. खेळ गुण कापत असावा, पडद्याच्या कोपऱ्यात काही आकडे लाल व्हायचे. पण घरातले सगळे धडकेकडं डोळे लावून बसलेले. करार धडकेचा होता. आणि धडक एकही झाली नव्हती.

खरं तर त्याच दिवशी बोलायला हवं होतं. मी बोललो नाही. जाताना सुप्रिया फाटकापर्यंत आली, म्हणाली, "तात्या, आबा जमवतायत की!" मी मान हलवली. मनाशी म्हटलं, आपल्याला काय कळतंय यंत्रातलं? चढणारं माणूस बघायचं काम आपलं नव्हे. आणि किल्ली गेली तर हा माणूस दिवसभर करणार काय? माझ्यासारखा ओट्यावर बसून राहील. हे शेवटचं कारण खरं होतं. मला ओट्यावर बसणं म्हणजे काय ते माहीत आहे.

पण फाटकाचा घासलेला डावा खांब रोज जाता-येता दिसायचा. गेणूच्या किटल्याही डावीकडंच होत्या. आणि शेळगावची शाळा सुटली की पोरं रस्त्याच्या कुठल्या बाजूनं चालतात, ते मला कुणी सांगायला नको होतं.

दहावी खेप पंधरा तारखेला आली. रविवार होता, दीपक घरी होता. कुशाबाईंनी शिरा केला होता. गेणूही आला होता. "दूध डेअरीला घालून आलोय, आता उडवायला किटल्या न्हाईत," म्हणाला. मानसिंगराव नवी टोपी घालून खुर्चीत बसले.

मी दोन घंट्या दिल्या. बस निघाली. पहिल्या डाव्या थांब्यावर एक म्हातारा उभा होता, तो राहिला. मी चमचा घट्ट धरून बसलो. दुसऱ्यावर दोन पोरी होत्या, त्या राहिल्या. दीपक पुटपुटला, "आता फक्त पूल, आणि मग डेपो." सुप्रियानं टीव्हीवरची किल्ली उचलून हातात घेतली.

पुलाच्या अलीकडं थांबा होता. तीच छत्रीवाली बाई. कदाचित तशीच दुसरी कुणी असेल, खेळात माणसं सारखी दिसतात. ती रस्त्याकडं तोंड करून उभी होती.

मी तांब्यावर चमचा मारला. एकदाच.

बस थांबली. मानसिंगरावांचा पाय आधी ब्रेकवर गेला, मग मान वळली.

"कोण उतरायचं हाय मास्तर?"

"उतरायचं नाही," मी म्हणालो. "चढायचंय. डावीकडं बघा."

त्यांनी डावीकडं बघितलं. "कुठं?"

"अजून वळा."

त्यांनी आधी मान, मग खांदे, मग सगळं अंग डावीकडं वळवलं, इतकं की खुर्ची सरकली. तेव्हा ती बाई त्यांना दिसली. ते तिच्याकडं बघतच राहिले.

"ही कवाधरनं हितं हाय?"

"आपण आल्यापासून."

"आन मागं?"

"आज तीन राहिले. काल पाच होते."

दीपक मधे पडला, "आबा, पण धडक झालेली नाही. आपलं ठरलं होतं ते..."

"गप," मानसिंगराव हळूच म्हणाले. मग गेणूकडं वळले. त्यासाठीही त्यांना अंग वळवावं लागलं, गेणू डावीकडं बसला होता. "गेणू, त्या किटल्या आधीच तितं व्हत्या का रं?"

गेणूनं माझ्याकडं बघितलं. "व्हय आबा. सकाळधरनं."

"म्या म्हनलं, तू मागनं ठेवल्या." त्यांनी टोपी काढून मांडीवर ठेवली. "तू तितं न्हवतास, ते बरं झालं."

कुशाबाईंनी पदर तोंडाला लावला. मला वाटलं, आता हे उठणार आणि मला चार शब्द सुनावणार. माझी तयारीही होती. त्यांनी दार उघडायचं बटण दाबलं. बाई छत्री मिटून आत चढली.

"मास्तर, दोन द्या. गाडी रस्त्यात सोडून जायची आपली रीत न्हाय."

मी दोन घंट्या दिल्या. पूल ओलांडला. डेपोपर्यंत अजून दोन थांबे होते. दोन्हीवर मी एक घंटी दिली, दोन्हीवर त्यांनी अंग वळवून माणसं बघितली आणि घेतली. बस डेपोत लागली. पडद्यावर काहीतरी अभिनंदनाचं आलं, फटाके उडाले. घरात कुणी टाळी वाजवली नाही.

मानसिंगराव उठले. सुप्रियानं हात पुढं केला होता. किल्ली त्यात तशीच होती. द्यावी की नाही, ते तिला कळत नव्हतं. त्यांनी तिची बोटं किल्लीवर मिटवली.

"लायसन काढ तू. म्या शिकवतो. डाळिंबं काय माझ्या डोळ्यांसाठी थांबायची न्हाईत."

"आबा, मी? टेम्पो?"

"दहा खेपा करून दाखव," ते म्हणाले. "मास्तर बसतील मागं."

मग सगळ्यांनी शिरा खाल्ला. गार झाला होता.

बारामतीच्या डॉक्टरांनी नंतर सांगितलं की डोळ्यांत दोष नाही. झटक्यानं मेंदूतला एक भाग गेला, त्यामुळं डावीकडचं दिसत नाही, आणि दिसत नाही हे त्या माणसाला समजतही नाही. गाडी चालवायची नाही. मानसिंगराव म्हणाले, ते आमच्या मास्तरनं आधीच सांगितलं. मला फार अवघडल्यासारखं झालं. मला दिसल्यावर मी सांगितलं ते सातव्या दिवशी, हे त्यांना ठाऊक आहे. त्यावर ते एक शब्द बोललेले नाहीत.

खेळ सोळा तारखेला यादीतून गेला. स्टिअरिंग मित्राला परत गेलं. सुप्रियाला पावसाळ्याच्या सुमाराला लायसन मिळालं.

परवा मी सकाळी इंदापूरला जायला फाट्यावर उभा होतो, डावीकडच्या निंबाखाली. टेम्पो आला आणि थांबला. सुप्रिया चालवत होती, शेजारी मानसिंगराव, मागं डाळिंबाचे क्रेट.

"तात्या, मला तुम्ही दिसलाच नव्हता," सुप्रिया म्हणाली. "आबाच म्हणाले, थांब, मास्तर ह्या वेळेला हितं उभं असतात."

मानसिंगराव खिडकीशी बसले होते. मी त्यांच्यापासून हातभर अंतरावर होतो आणि ते समोर रस्त्याकडं बघत होते. मग त्यांनी सावकाश सगळं अंग माझ्याकडं वळवलं.

"चढा," ते म्हणाले, आणि सरकून जागा दिली.

मी बसलो, दार ओढलं. सुप्रिया आरशात बघून तशीच थांबून राहिली. तिला कुणी शिकवलं ते विचारायची गरज नव्हती. मी हात बाहेर काढून पत्र्यावर दोनदा थाप मारली.