दरियाई घोडा

१८ जानेवारी, रविवार. दुपारी जुनी रजई उसवून तिच्यातला कापूस मी लेकीच्या शेपटीत भरत होते. लेक तेव्हा तिसरीत होती. दुसऱ्या दिवशी शाळेत प्रार्थनेच्या वेळी स्टेजवर एकेका प्राण्याचा वेश करून हिंदीत बोलायचं होतं आणि वर्गबाईंनी तिला 'दरियाई घोड़ा' दिला होता. दर्या म्हणजे समुद्र, तेव्हा हा समुद्रघोडाच. कुणाला विचारायची मला गरज वाटली नाही.

भर हिंदी मुलखात, पिपलानीच्या कारखाना-वसाहतीतल्या क्वार्टरात समुद्राचा संबंध कुठला? क्लबच्या लायब्ररीतून आधीच पुस्तक आणून भाषण लिहिलं होतं. हा मासा उभ्यानं पोहतो. पाठीवरचा इवलासा पर सारखा फडफडवतो, पण पुढे सरकतो जेमतेम. पाण्याला ओढ असली की शेपटीनं गवताला विळखा घालून थांबतो. खोल पाण्यात बुडालेल्या खलाशांना तो पलीकडची वाट दाखवतो, असं जुने दर्यावर्दी मानत. आणि पिल्लं वाढतात ती नराच्या पोटावरच्या पिशवीत.

"हे शेवटचं गाळ," नवरा म्हणाला. "उद्या सगळं वर्कशॉप मला विचारेल, कितवा महिना?"

मी गाळलं नाही. कारण लेक तेच वाक्य सगळ्यात ठसक्यात म्हणायची. एरवी चार लोकांसमोर तिची जीभ अडखळे, म्हणून दरवर्षी नाटकात तिला झाड करत. यंदा पहिल्यांदाच तिला बोलायला मिळणार होतं.

संध्याकाळी शेजारच्या भाभी विरजण मागायला आल्या.

"ये क्या, साँप बना रही हो?"

"दरियाई घोड़ा."

भाभी वाटी घेऊन खुर्चीतच बसल्या. हसू आवरेना. "अरे भाभी, वो तो हिप्पो होता है! दरिया मतलब नदी!"

"चला, मी सुटलो," नवरा म्हणाला.

लेकीनं कमरेला बांधून पाहिलेली शेपटी सोडली आणि गुंडाळून ठेवली. "सगळे हसतील. मी झाडच होईन."

एवढ्या वेळात हिप्पो उभा करण्याइतका कापूस घरात नव्हता, आणि नवं भाषण तर तिला पाठ झालंच नसतं. चूक माझी होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिला शेपटीसकट स्कूटरवर बसवलं आणि प्रार्थनेच्या घंटेआधी वर्गबाईंना गाठलं.

"मॅडम, लिस्ट में एक शब्द बदलना है."

"पर लिस्ट तो टाइप हो गई!"

मी पर्समधून पेन काढलं, त्यांच्या हातातल्या यादीत लेकीच्या नावापुढचं 'दरियाई' खोडून 'समुद्री' लिहिलं, आणि लेकीला स्टेजच्या पायरीवर चढवून दिलं.