उलटलेलं दुखणं

आई गेल्यावर छावणी भागातल्या आमच्या घरात बाबा आणि आमचा कुत्रा, एवढेच उरले. कुत्रा डॅशुंड जातीचा. पाठ लांबलचक, पाय आखूड. फोनवर बाबा माझ्याशी कामापुरतं बोलत, त्याच्याशी मात्र दिवसभर. मागच्या वर्षी त्याच्या मणक्यातली गादी सरकली, मागचे पाय लुळे पडले, तेव्हा मी माहेरी राहायला आले. औषधं आणि पिंजऱ्यातली सक्तीची विश्रांती, यावर तो हळूहळू चालायला लागला. डॉक्टर तेव्हाच म्हणाले होते, "हे दुखणं उलटू शकतं. लक्ष ठेवा."

मी लक्ष ठेवलं. गळ्यातला पट्टा काढून छातीचा घातला, सोफ्यावर चढणं बंद केलं. स्वयंपाक करतानाही फरशीवर नखं घासल्याचा आवाज येतो का, याकडे कान असायचा.

या हिवाळ्यात एका सकाळी त्यानं खायला मान खाली घातलीच नाही. पाठ कमानीसारखी वर. उचलायला गेले तर पोट कडक, अंग थरथरत होतं. डॉक्टरांनी शिकवलं होतं तसा मागचा पंजा मी उलटा दुमडून टेकवला. त्यानं तो सरळ केला, पण फार सावकाश.

"बाबा, परत तेच आहे."

"थंडीनं आखडला असंल," बाबा म्हणाले. "उन्हात ठेव." ते माझ्याकडे बघत नव्हते.

मी ऐकलं नाही. लगेच दवाखाना गाठला. डॉक्टरांनी पाठीवरून बोटं फिरवली, एका जागी तो कळवळला. "वेळेवर आणलंत," औषधं लिहून देत ते म्हणाले. ते ऐकून बाबांचा चेहरा सैल झाला. येताना त्यांनी त्याला शालीत गुंडाळून मांडीवर घेतलं आणि वाटेतला प्रत्येक खड्डा मला आधीच सांगत राहिले.

दुसऱ्या दिवशी तो मागून उठलाच नाही. डॉक्टरांनी चिमट्यानं पायाचं बोट जोरात दाबलं. त्यानं वळूनसुद्धा बघितलं नाही. त्यांनी ऑपरेशनसाठी पुण्याला न्यायला सांगितलं. तिथल्या डॉक्टरीणबाईंनी तपासण्या केल्या आणि आम्हाला बाजूला घेतलं.

"मज्जारज्जू आतून विरघळत चाललाय. हे वर सरकतंय. आता पुढचे पाय जातील, मग श्वास."

"ऑपरेशन?" बाबांनी विचारलं.

"उपयोग नाही, काका. त्याचे हाल तेवढे थांबवता येतील."

शेवटचं इंजेक्शन देताना बाबांनी त्याचं डोकं ओंजळीत धरलं होतं. तो त्यांचा अंगठा चाटत होता.

परतीच्या वाटेवर नगर मागं पडलं. मग बाबा म्हणाले, "तुला पहिल्याच दिवशी कळलं होतं."

"हो."

"मग कळून काय झालं?"

रागानं नाही, खरंच विचारत होते.

आता ते दिवसभर आवाज बंद करून टीव्ही बघतात. मी जेवायला वाढते. अर्धी पोळी खाऊन ते ताट बाजूला सारतात.