जांभळ्या-काळ्या चौकटींचा मळा

आमचे दोन मळे आहेत. एक शेलूबाजारच्या बाहेर, हमरस्त्यापासून हाकेच्या अंतरावर. त्यात वांगी, मेथी, सांबार, म्हणजे कोथिंबीर, आणि बांधाला झेंडू. दुसरा आमच्या बैठकीच्या खोलीत, कॉम्प्युटरमध्ये, पहिल्याची हुबेहूब नक्कल. पहिल्यात मी तीस वर्षं राबलो, पण दुसऱ्याने मला चार दिवसांत जेवढं थकवलं तेवढा मी कधी थकलो नाही. अजूनही डोळे मिटले की पापण्यांच्या आत जांभळे-काळे चौकोन दिसतात.

हा दुसरा मळा माझ्या लेकीने केलेला. बारावीनंतर कॉलेज बंद होतं, ती वर्षभर घरी होती, तेव्हा. गेम साधाच आहे. सगळं जग ठोकळ्यांचं. जमीन ठोकळ्यांची, झाड ठोकळ्यांचं, गायही ठोकळ्यांची. काही जिंकायचं नसतं, कोणाला मारायचं नसतं, जे पाहिजे ते बांधत बसायचं. गेमवाल्यांनी त्यात गहू-गाजर दिलं होतं, पण वांगं कुठून देणार? म्हणून लेकीने मॉड केला. मॉड म्हणजे लोकांनी आपल्या हाताने करून गेमला लावलेलं ठिगळ. तिने वांग्याची, मेथीची, सांबाराची पानं स्वतः रंगवली, बांधावरचा झेंडू रंगवला, आमची विहीरसुद्धा रंगवली, वरच्या शेवाळासकट. आणखी चाळीस लोकांचे चाळीस मॉड तिने लावले. कोणाचं ऊन, कोणाचं आभाळ, कोणाची पाखरं.

मी या प्रकाराला नाक मुरडलं. बायकोने मात्र माउस विळ्यासारखा मुठीत धरला आणि मग सोडलाच नाही. लेक लग्न होऊन हैदराबादला गेली तरी दर रविवारी चार वाजता दोघी या मळ्यात भेटायच्या. इकडे बायको चालायची, तिकडे लेकीला आमचा पडदा फोनवर दिसायचा. बायको इंझोरीची, माहेरीही भाजीपालाच. खऱ्या मळ्यात दिवसभर वाकायचं आणि रविवारी खोट्या मळ्यात फिरायला जायचं, या हौसेला काय म्हणावं ते मला आजवर सुचलेलं नाही.

यंदा लेकीला सहावा महिना लागला आणि डॉक्टरने तिला पलंगावरून उठू नको म्हणून सांगितलं. प्रवास तर नाहीच. बायको पंधरा दिवस राहून आली. तिथे विहीणबाई आहेत, जीव लावतात. पण लेक हळूहळू गप्प झाली. फोन केला की हो, बरं, जेवले, नंतर बोलू. ही तीच पोर, जी एकदा भेंडीच्या भावावरून माझ्याशी सकाळपासून दुपारपर्यंत भांडली होती. रविवारचा मळाही बंद पडला. बायको फोन ठेवून भिंतीकडे बघत बसायची. आणि मग त्या बुधवारी लेक आपणहून म्हणाली, "आई, रविवारी मया दाखवशीन का? झेंडूपर्यंत चालत जाऊ."

तीन आठवड्यांत तिने मागितलेली पहिली गोष्ट, हा मळा.

आता माझा पराक्रम ऐका. गुरुवारी सकाळी मला वाटलं, पोर इतक्या दिवसांनी येणार, तर सगळं झाडून-पुसून ठेवावं. कॉम्प्युटर लावला. पडद्यावर एक बटण मला कधीचं डोळा मारत होतं : सगळं अपडेट करा. मी ते दाबलं आणि विजयी मुद्रेने चहा प्यायला गेलो.

परत येतो तर मळ्यावर आपत्ती. सगळी वांगी जांभळ्या-काळ्या चौकटींची झाली होती, जणू कोणी बुद्धिबळाच्या पटातून कापून लावली होती. विहिरीचं पाणी बिघडलेल्या ट्यूबलाइटसारखं लकलक करत होतं. बांधावर उभं राहून मान डावीकडे वळवली की जमीनच आरपार व्हायची आणि खाली गुहा, अंधार, पार पाताळ दिसायचं. आणि आमची गाय, तिला फक्त सावली उरली होती.

बायको दारात येऊन उभी राहिली.

"तुमाले कोनं सांगतलं होतं हात लावाले?"

"मी स्वच्छ करून राह्यलो होतो."

"गाय धुवून टाकली तुमी," ती म्हणाली. "आता रविवारपर्यंत मले ती परत पाह्यजे. पोरीनं तीन हप्त्यानं काही मागतलं, अन् तिले मी हे दाखवू?"

माझे वडील ऐंशीच्या पुढचे, खिडकीजवळच्या खाटेवर असतात. त्यांना मोतीबिंदूमुळे पडदा धूसर दिसतो, पण मत स्पष्ट असतं. "वांग्यायले काही झालं नाही," ते म्हणाले. "रंग तर बरोबर हाय." जांभळ्या चौकटींवर आक्षेप नसलेला घरात एक माणूस होता, हाच त्या दिवशी आधार.

इंटरनेटवर शोधलं. ती चौकट म्हणजे गेमला चित्र सापडत नाही याची खूण. नाव आहे, जागा आहे, चित्र हरवलं. बाकी रोगांना वेगवेगळी कारणं होती आणि प्रत्येक कारणाला कोणीतरी केलेला दुरुस्तीचा मॉड. आता आमच्या भागात मिरची आकसली की माणूस काय करतो? कृषी केंद्रात जातो. तिथून तीन बाटल्या मिळतात : एक किडीची, एक बुरशीची, एक टवटवीची. त्या तिन्ही एकाच पंपात ओतून, पाठीवर घेऊन, एकाच फेरीत मारतो. नेमका रोग कोणता, हे कळायची वाट कोण बघतो? मी तेच केलं. दुरुस्तीचे नऊ मॉड उतरवले आणि नऊच्या नऊ एकदम लावले.

शुक्रवारी सकाळी आभाळ हिरवं झालं होतं. पाखरं उलटी उडत होती.

गेम एकदा बंद करून पुन्हा उघडायला सात-आठ मिनिटं लागतात, कारण आमचा कॉम्प्युटरही माझ्याच वयाचा वाटतो. एक मॉड काढा, उघडा, बघा, बंद करा. मधल्या वेळात मेथी खुडायची, जुड्या बांधायच्या, गाडीत टाकायच्या, परत येऊन बसायचं. कमरेला समजेना की हे दुखणं खऱ्या मळ्याचं की खोट्या. दुपारपर्यंत मी सहा फेऱ्या केल्या आणि कोणता मॉड काढला, कोणता ठेवला, हेही विसरलो. डोकं टेबलावर टेकवून बसलो होतो, तेव्हा खाटेवरून आवाज आला.

"किती दवाया मारल्या रे?"

"नऊ, बाबा."

"एकाच पंपात?"

मी टेबलावरूनच मान हलवली.

"मंग आता कायले रडतं? कोनती लागू पडली अन् कोनतीनं बिघडवलं, कसं समजन तुले?" ते उठून बसले. "मी कसा मारत होतो इसरला का? अर्ध्या वावराले मार, अर्धं सोड. दोन दिस पाहा. जे अर्धं बिघडलं, त्याचं आनखी अर्धं कर. तासापर्यंत पोचतं मानूस, मंग झाडापर्यंत."

तास म्हणजे पिकाची ओळ. मला आठवलं. लहानपणी आमच्या मिरचीत फवारलेली एक तास आणि कोरडी एक तास अशा ओळी असायच्या, आणि शेजारी हसायचे की यांचं औषध निम्म्यातच संपलं. तेव्हा मलाही लाज वाटायची.

मी नऊ दुरुस्त्या उपटून फेकल्या. मग मूळचे एक्केचाळीस मॉड कागदावर लिहिले आणि मधोमध रेघ मारली. वरचे वीस बंद. उघडलं, गाय परत आली, चौकटी तशाच. म्हणजे गायीचा चोर वरच्या अर्ध्यात. वरच्यातले दहा लावले, दहा बंदच ठेवले. शुक्रवार संध्याकाळपर्यंत गायीचा गुन्हेगार सापडला, एक सावल्यांचा मॉड, आणि त्याला मी इतक्या समाधानाने काढून टाकलं की बायको म्हणाली, "एवढे खूश तर तुमी जावई पसंत पडला तवाही नव्हते."

शनिवारी पाताळ बुजवलं. वांगी मात्र ऐकेनात. कागदावर रेघा मारत-मारत शेवटी एकच नाव उरलं. लेकीचा मॉड.

तो जुन्या गेमसाठी केलेला होता, नव्या अपडेटला त्याची भाषा कळत नव्हती. एका परदेशी माणसाचा भाजीपाल्याचा नवा मॉड होता, त्यात वांगंही होतं, गोल, चकचकीत, मेथीसारखा पालाही आणि झेंडूही. मी लेकीचा काढला, त्याचा लावला. रविवारी सकाळी दहाला मळा आरशासारखा स्वच्छ झाला. एक चौकट नाही, एक लकलक नाही. मी खुर्चीत मागे रेलून दोन्ही हात पसरले, आणि बायकोला हाक मारली.

ती आली. मळ्यातून सावकाश चालली. वांगी, मेथी, विहीर. मग झेंडूजवळ थांबली, आणि तिथून हललीच नाही.

"हा झेंडू कोनाचा?"

"झेंडू आहे. चांगला आहे."

"पोरीच्या झेंडूले एका बाजूनं पाकळ्या कमी होत्या. तिनं रंगवता रंगवता तुमी तिले दुकानात पाठोलं होतं, ते तसंच राह्यलं होतं. तिले त्या झेंडूपर्यंत यायचं हाय. ह्या नाही."

इतकी वर्षं मी तो झेंडू पाहिला होता आणि बिघाड समजत होतो. दुरुस्तीच्या यादीत तो मी स्वतःच्या हाताने लिहिला होता.

दहा ते चार. सहा तास. लेकीचा मॉड परत लावला की चौकटी परत. यादीत ज्याची पाळी शेवटची, त्याचं चित्र सगळ्यांच्या वर बसतं, एवढं मला आतापर्यंत कळलं होतं. विहिरीच्या पाण्याची पाळी असते तशीच ही, फक्त इथे शेवटच्याला जास्त मिळतं. चित्रांच्या फाइली उघडून त्यांची नावं नव्या गेमला कळतील अशी बदलत बसलो. वांग्याचं पान, मेथीचं पान, झेंडू. एकेक नाव, एकेक सात मिनिटं. बायकोने भाकर तिथेच आणून दिली आणि मागे उभी राहिली. वडील झोपले. साडेतीनला मॉड यादीत शेवटी टाकला, आणि वाकडा झेंडू उगवला.

फक्त विहीर राहिली. लेकीचं पाणी आणि दुसऱ्या कोणाचं पाणी एकाच जागी येऊन भांडत होतं. जवळ गेलं की लकलक, आणि पश्चिमेकडून पाहिलं तर निम्मं पाणी जांभळ्या-काळ्या चौकटींचं. चारला पाच कमी होते. माझ्यात जीव उरला नव्हता.

"विहिरीकडे जायचंच नाही," मी बायकोला सांगितलं. "दारातून निघायचं, मेथीच्या कडेनं, सरळ झेंडू. मान उजवीकडे वळवायची नाही. काही विचारलं तर आभाळ दाखव."

"मी काय नाटकात हावो का?"

"आज आहेस."

चारला फोन लागला. लेक कुशीवर झोपलेली, केस विस्कटलेले. हो, बरं, दिसून राह्यलं. बायको मेथीच्या कडेने इतकी ताठ चालली की पायाखाली साप असावा. झेंडू आला. लेकीने फोन डोळ्यांजवळ नेला.

"हा माझाच हाय," एवढंच म्हणाली. बायकोने माझ्याकडे पाहिलं, आणि चार दिवसांत पहिल्यांदा त्या बघण्यात राग नव्हता. पण तेवढंच. लेकीचे डोळे मिटायला लागले होते. मग ती म्हणाली, "आई, इहिरीकडे चाल न."

बायकोने आभाळ दाखवलं.

"आभाय काहून दाखवतं? इहीर."

बायकोने मान वळवली. पाणी लकाकलं, चौकटी चमकल्या. मी हात जोडून उभा होतो.

फोनमधून एक हुंकार आला. मग लेक उठून, नाही, उठली नाही, उशीवर कोपर टेकून वर झाली. "पप्पा. तुमी सगळं अपडेट केलं ना?"

"स्वच्छ करून राह्यलो होतो."

"अन् माझी फाइल शेवटी टाकली, अन् पानी तिच्यातून काढलंच नाही. दोन पानी झाले न तिथं. काय डोकं लावता तुमी. फोल्डर उघडा. तो नाही. डावीकडचा. पप्पा, डावी बाजू, जेवता तो हात नाही, दुसरा."

चार दिवसांत ते फोल्डर मी शेकडो वेळा उघडलं होतं. डोळे मिटूनही उघडता आलं असतं. पण बायकोने पडद्याच्या बाहेरून बोट ओठावर ठेवलं, आणि मी उजवीकडचं उघडलं.

"अरे देवा," लेक म्हणाली. मग ती बोलत राहिली. अर्धा तास, पाऊण तास. माझी अक्कल, माझा कॉम्प्युटर, माझं भेंडीच्या भावाचं जुनं प्रकरण, सगळं निघालं. विहीणबाई दूध घेऊन आल्या, तर त्यांना थांबा म्हणाली. मी प्रत्येक चुकीच्या जागी बोट नेलं, दोनदा सगळं बंद करून दाखवलं. वडील जागे होऊन ऐकत होते. शेवटी पाणी स्थिर झालं, शेवाळ दिसलं, आणि मला नाइलाजाने हुशार व्हावं लागलं.

"उद्या दहा वाजता परत लावा," फोन ठेवताना ती म्हणाली. "तुमी आनखी काही बिघडवलं असनच. मी पाहाते."

बायको पदराने डोळे पुसत आत गेली. माझी पाठ मोडून गेली होती. कॉम्प्युटर बंद करण्याआधी मी मेथीच्या पानाची फाइल काढून भलत्याच ठिकाणी ठेवली, आणि वडिलांच्या खाटेशेजारी सतरंजी टाकून आडवा झालो.